कढीपत्त्यावरची कॉमन रोझ: ठाण्यातल्या एका फुलपाखरू-यादीची फेरतपासणी

घोडबंदर रस्त्यालगत, येऊरच्या डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या एका गृहसंकुलातल्या रहिवाशांनी पावसाळा सरताना चार रविवार आवारातल्या फुलपाखरांची नोंद केली. यादीत 38 जाती आल्या. त्यांत कॉमन रोझ आणि क्रिमझन रोझ या दोन नावांसमोर भरपूर खुणा होत्या आणि सोबत 17 फोटो होते. त्याच महिन्यात बाग समितीकडे एक अर्ज आला. मागच्या भिंतीलगतची कढीपत्त्याची अकरा झाडं दरवर्षी अळ्या ओरबाडून टाकतात, ती काढून तिथे फुलझाडं लावावीत, म्हणजे रोझ फुलपाखरं आणखी येतील, असं त्यात म्हटलं होतं. माळीकाकांनी कढीपत्त्यावर कीटकनाशकाची एक फवारणी आधीच उरकली होती.

यादी आणि अर्ज शेजारी ठेवले की गोम लक्षात येते. ज्या फुलपाखरांचं कौतुक चाललं होतं त्यांतली बरीचशी रोझ नव्हतीच, आणि ज्या अळ्यांवर फवारा मारला त्या त्यांचीच पिल्लावळ होती. हे कसं उलगडलं आणि कुठे गफलत झाली, ते इथे मांडलं आहे. येऊरच्या पायथ्याच्या कुठल्याही सोसायटीत हीच चूक होऊ शकते, पारसिकच्या किंवा खारघरच्या डोंगराकडे पाठ करून उभ्या असलेल्या सोसायट्यांतही.

शंका कुठून आली

शंका आली ती झाडांमुळे. कॉमन रोझ आणि क्रिमझन रोझ या दोघींच्या अळ्या ईश्वरीच्या कुळातल्या वेलींवरच वाढतात. आपल्याकडे ती मुख्यतः ईश्वरी, काही भागांत तिला सापसंद म्हणतात. संकुलाच्या आवारात ईश्वरीचं एकही पान नव्हतं. एवढ्यावरून फुलपाखरू आलंच नाही असं म्हणता येत नाही, कारण प्रौढ फुलपाखरू मधासाठी लांबवर फिरतं आणि क्रिमझन रोझ तर स्थलांतर करणारी जात आहे. पण खाद्यवनस्पती नसताना एखादी जात यादीत सगळ्यांत जास्त खुणा मिळवत असेल, तर फोटो पुन्हा उघडायला हवेत.

दुसरी खूण अंकात होती. यादीत कॉमन मॉर्मनचे नर भरपूर होते, माद्या मात्र जवळजवळ शून्य. कढीपत्ता, लिंबू आणि बेल ही मॉर्मनच्या अळ्यांची झाडं असलेल्या आवारात तिचे नरच नर दिसावेत आणि मादी दिसू नये, हे शक्य नाही. त्या माद्या दुसऱ्याच नावाखाली बसल्या होत्या.

एकाच जातीच्या तीन माद्या

कॉमन मॉर्मनचा नर ओळखायला सोपा. काळे पंख, मागच्या पंखावर आडवी पांढरट ठिपक्यांची माळ, मागे शेपूट. मादी मात्र तीन वेशांत येते. सायरस हा वेश नरासारखाच, फक्त मागच्या पंखाच्या कडेला लाल चंद्रकोरी ठळक असतात. स्टिकियस हा वेश थेट कॉमन रोझसारखा: मागच्या पंखाच्या मध्यावर पांढरा पट्टा आणि कडेला लाल ठिपके. रोम्युलस हा वेश क्रिमझन रोझसारखा: पुढच्या पंखावर पांढरे पट्टे, मागच्या पंखावर लाल ठिपके. रोम्युलस दिसतो, पण स्टिकियसपेक्षा कमी.

नकलेचं कारण पोटात आहे. रोझच्या अळ्या ईश्वरीतली विषारी द्रव्यं अंगात साठवतात आणि ती प्रौढ फुलपाखरातही उतरतात. एकदा चव घेतलेला पक्षी तो लाल-काळा-पांढरा नमुना विसरत नाही. मॉर्मनच्या अंगात तसलं विष नाही, पण तिचा वेश पक्ष्याला फसवतो. हेन्री बेट्स या इंग्रज निसर्गअभ्यासकाने 1862 मध्ये अशा नकलेची कल्पना मांडली. मॉर्मनमध्ये हे वेश पालटायला एकच जनुक पुरतं, ते म्हणजे डबलसेक्स, हे फुलपाखरांचे अभ्यासक कृष्णमेघ कुंटे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2014 मध्ये दाखवलं. कीटकांमध्ये नर-मादीचा फरक ठरवणारं हेच जनुक. त्याचं नकली वेश देणारं रूप सायरसच्या रूपावर प्रभावी ठरतं. त्यामुळे एकाच आईच्या अंड्यांतून सायरस आणि स्टिकियस अशा दोन्ही लेकी निघू शकतात. पुढच्या तपासणीत ही गोष्ट कामाला आली.

17 फोटो

पंखांच्या रंगावरून निकाल द्यायचा नाही, हा पहिला नियम. नकल पंखांचीच आहे, म्हणून पंखच सगळ्यांत कमी विश्वासाचे. पांढऱ्या पट्ट्यातले डाग मोजून ओळखायचा मोह होतो, पण ते डाग दोन्ही जातींत कमीजास्त होतात. फुलपाखरू जुनं झालं की लाल रंग विटतो, खवले झडतात, शेपूट तुटते.

पाहायचं ते धड. रोझचं डोकं लाल, छातीच्या बाजूला लाल आणि पोटाचा मागचा भाग लाल. मॉर्मनच्या मादीचं धड काळं, छातीवर बारीक पांढरे ठिपके. पाहणाऱ्याला हे माहीत असेल तर दोन सेकंदांचं काम आहे. अडचण फोटोच्या कोनाची. वरून, पंख पसरलेल्या अवस्थेत काढलेल्या फोटोत रोझची पाठही काळसरच दिसते, लाल रंग बाजूला आणि टोकाला असतो. हौशी माणूस नेमका हाच वरचा फोटो काढतो, कारण नक्षी त्यातच छान दिसते. 17 पैकी 12 फोटो असे वरून काढलेले होते. त्यांतल्या नऊ फोटोंत पोटाचं टोक मोठं करून पाहता आलं आणि निर्णय लागला. उरलेल्या तिघांत टोकच दिसेना.

निकाल असा. कॉमन रोझ म्हणून दिलेल्या 11 फोटोंपैकी आठ मॉर्मनच्या स्टिकियस माद्या, एक खरी कॉमन रोझ, दोन अनिश्चित. क्रिमझन रोझ म्हणून दिलेल्या सहांपैकी चार खऱ्याच क्रिमझन रोझ, एक रोम्युलस, एक अनिश्चित. म्हणजे क्रिमझन रोझच्या बाबतीत रहिवाशांची नजर बरीचशी बरोबर होती, चूक मुख्यतः कॉमन रोझमध्ये झाली. चारही खऱ्या क्रिमझन रोझ डोंगराकडच्या भिंतीवर वाढलेल्या घाणेरीच्या फुलांवर टिपलेल्या होत्या. त्या भिंतीपलीकडच्या उतारावर, काही मिनिटांच्या चालीवर, झुडपांवर चढलेली ईश्वरी नंतर सापडली.

खरी कॉमन रोझ असलेल्या फोटोबद्दल दोन शब्द लिहायलाच हवेत, कारण त्यात पाहणाऱ्याला हवं ते सगळं आहे. फुलपाखरू रुक्मिणीच्या गुच्छावर बाजूने दिसतं, सोंड फुलात, पुढचे पंख फडफडल्याने धूसर. पण पोट स्थिर आहे आणि त्याच्या कडेने वीट घासल्यासारखा लाल पट्टा टोकापर्यंत गेलेला आहे. पंख पूर्ण हललेले असूनही हा फोटो यादीतला सगळ्यांत भरवशाचा. रोझ असो वा मॉर्मन, मध पिताना पुढचे पंख फडफडवत राहतात. मोबाइलवर ते धूसर येणारच. फोकस पंखांवर न धरता धडावर धरला तर काम भागतं.

ती कुठे काय करत होती

फोटोंपेक्षा मोठा पुरावा तळमजल्यावरच्या एका काकूंकडून आला. त्यांनी सहज सांगितलं, "ती रोझ आहे ना, ती रोज अकराच्या सुमारास माझ्या खिडकीखालच्या कढीपत्त्यावर येते. बसत नाही, नुसती पानाला टेकते आणि उडते." यादीच्या तक्त्यात हे लिहायला रकानाच नव्हता, म्हणून ते कुणी लिहिलं नाही.

हे अंडी घालणं आहे. मादी कोवळ्या पानांभोवती घिरट्या घालते, पुढच्या पायांनी पान थोपटून त्याची चव घेते, पोट खाली वाकवते, एकच अंडं चिकटवते आणि दुसऱ्या फांदीकडे जाते. फुलपाखरं पायांनी चव ओळखतात, म्हणून कढीपत्ता आणि शेजारचं दुसरं झाड यांत तिची चूक सहसा होत नाही. रोझ कधी कढीपत्त्यावर अंडं घालणार नाही. तेव्हा कढीपत्त्यावर पोट वाकवणारी रोझसारखी मादी दिसली, की ती मॉर्मन. इतकी स्पष्ट खूण फोटोतून क्वचितच मिळते.

उडण्याच्या ढंगावरून ओळखा, असंही सांगितलं जातं. रोझ संथ, सरळ, बेफिकीर उडते हे खरं. पण स्टिकियस उडण्याचीही नकल करते. तिला दचकवलं तर मात्र ती नकल सोडून मॉर्मनसारखी झपकन वर जाते. एवढ्यासाठी फुलपाखरांमागे पळू नये, ही खूण जोडपुरावा म्हणून ठेवावी.

अळ्या वाढवून पाहणं

कढीपत्त्यावरची अळी मॉर्मनचीच असेल असंही नाही. त्याच झाडावर लाइम बटरफ्लायही अंडी घालते. दोघींची अंडी गोल, फिकट पिवळी. दोघींच्या लहान अळ्या पक्ष्याच्या शिटेसारख्या, तपकिरी-पांढऱ्या. मोठ्या झाल्या की दोन्ही हिरव्या. म्हणून शेवटचा पुरावा एकच: वाढवून पाहणं. फवारा न पोहोचलेल्या दोन झाडांवरून आठ अळ्या घेतल्या.

पद्धत साधी आहे, पण चुका हमखास होतात. अळी हातात उचलायची नाही, ती बसलेली डहाळीच कापायची. डहाळी पाण्याच्या छोट्या बाटलीत खोचायची आणि बाटलीचं तोंड कापसाने घट्ट बंद करायचं, नाहीतर अळी देठावरून उतरून पाण्यात बुडते. डबा फूटभर उंचीचा, वर जाळी. बंद झाकण लावलं तर आत दमट होतं, विष्ठेला बुरशी येते आणि अळी सडते. विष्ठा रोज काढायची, पानं रोज ताजी. अळीला डिवचलं तर ती डोक्यामागून लाल, दुभंगलेल्या शिंगासारखा अवयव बाहेर काढते आणि आंबट, उग्र वास येतो. घाबरण्यासारखं त्यात काही नाही, पण पुन्हापुन्हा डिवचू नये. उन्हापावसाच्या दिवसांत अंड्यापासून प्रौढ व्हायला साधारण महिना लागतो. शेवटच्या अवस्थेतली अळी सगळ्यांत जास्त खाते, आणि मग एक दिवस खाणं थांबवून भटकू लागते. तेव्हा डब्यात उभी काडी हवी. काडीला ती डोकं वर करून, कमरेभोवती रेशमाचा एक धागा बांधून कोष करते. खाली पुरेशी मोकळी जागा नसेल तर बाहेर आलेल्या फुलपाखराचे पंख चुरगळलेलेच वाळतात आणि ते पुन्हा सरळ होत नाहीत.

आठपैकी एक अळी मेली. त्या दिवशी झाडाची पानं संपली म्हणून बाजारातून आणलेली जुडी घातली होती. बाजारच्या कढीपत्त्यावर फवारणीचे अंश राहतात आणि धुऊनही ते पूर्ण जात नाहीत. एका कोषातून फुलपाखरू आलंच नाही. त्यावर टाचणीच्या टोकाएवढं भोक दिसलं, म्हणजे आत परजीवी गांधीलमाशी वाढली होती. हे नैसर्गिक आहे. बागेत कढीपत्त्याचा नाश आटोक्यात ठेवणारी फौज हीच, आणि फवारणीने तीही मरते. उरलेल्या सहांत दोन लाइम बटरफ्लाय निघाल्या, शेपूट नसलेल्या, पिवळ्या-काळ्या. चार मॉर्मन: दोन नर, एक सायरस मादी आणि एक स्टिकियस. खिडकीखालच्या झाडावरून घेतलेल्या अळीतून आलेली ती स्टिकियस रहिवाशांसमोर सोडली तेव्हा यादी करणाऱ्यांपैकी तिघांनी तिला पुन्हा रोझच म्हटलं. मग तिचं काळं धड दाखवलं.

अशी तपासणी आवारातल्या झाडांवरच करावी. राष्ट्रीय उद्यानाच्या हद्दीतून अंडं, अळी किंवा वेल काहीही आणू नये.

प्लेन टायगरमध्ये लपलेली

17 फोटो तपासताना बाकीचेही चाळले, आणि प्लेन टायगरच्या नऊ फोटोंत एक डनेड एगफ्लायची मादी निघाली. तीही नकलेतलीच, रुईवर वाढणाऱ्या विषारी प्लेन टायगरची. इथे मागचा पंख पाहायचा. प्लेन टायगरच्या मागच्या पंखाच्या मध्यावर तीन काळे ठिपके असतात, नराला चौथाही. एगफ्लायच्या मादीला एकच, पंखाच्या वरच्या कडेजवळ. तिच्या अळ्या घोळीवर वाढतात. कुंड्यांतून आणि फरशीच्या फटींतून उगवणारी घोळ माळीकाका दर पंधरवड्याला उपटत होते. लोक तिची भाजी करतात, पण आवारात ती तण समजली जाते. आता दोन वाफ्यांतली घोळ ठेवलेली आहे.

बागेत काय बदललं

कढीपत्ता काढला नाही. अकरापैकी सात झाडं रहिवाशांच्या स्वयंपाकासाठी आणि चार अळ्यांसाठी, अशी वाटणी झाली. भांडण नेहमी इथेच होतं, म्हणून यामागचा हिशोब सांगतो. मादीला कोवळी पानं हवी असतात. छाटलेल्या झाडाला काही आठवड्यांत कोवळी पालवी फुटते आणि अंडी तिथेच पडतात. म्हणून अळ्यांची चार झाडं आलटून पालटून छाटायची, म्हणजे पावसाळाभर त्यांच्यावर पालवी असते. सात झाडांवर अळी दिसली तर डहाळीसकट कापून चारांवर ठेवायची. गुडघाभर झाडावर चार-पाच मोठ्या अळ्या एकदम आल्या तर ते आठवड्यात बोडकं होतं, पण मुरलेलं झाड त्याने मरत नाही, पुन्हा फुटतं. कुंडीतलं नवं रोप मात्र मरू शकतं, त्याला जाळी घालावी. कडुनिंबाचं तेल सेंद्रिय आहे म्हणून चालेल, असा प्रस्ताव आला होता. तेही अळ्यांना मारतं, म्हणून चार झाडांवर ते वर्ज्य. डासांसाठी धूरफवारणी झाली तर तो धूर मागच्या भिंतीकडे न सोडण्याची विनंती आगाऊ करायची.

रोझ हव्या असतील तर ईश्वरी लावावी लागेल, फुलझाडांनी ते होणार नाही. भिंतीच्या जाळीवर दोन वेली लावल्या आहेत, स्थानिक जातीच्या, रोपवाटिकेतून आणलेल्या. ईश्वरीच्याच कुळातली, शोभेची मोठ्या फुलांची बदकवेल मुद्दाम टाळली. ऑस्ट्रेलियात त्या कुळातल्या एका परदेशी शोभेच्या वेलीवर रिचमंड बर्डविंग फुलपाखराची मादी भुलून अंडी घालते आणि अळ्या मरतात. इथे तसला धोका पत्करायचं कारण नाही. वेलीपाशी एक पाटीही हवी, आणि ती लावली आहे: ही वेल औषध म्हणून खाऊ नये. ईश्वरीतल्या ॲरिस्टोलोकिक आम्लाने माणसाचं मूत्रपिंड निकामी होतं आणि कर्करोगाचा धोका असतो. वेलीवर अळी आली की ती ओळखणं सोपं: काळपट किरमिजी, अंगभर मांसल गाठी. मध्यावर पांढरा पट्टा असेल तर कॉमन रोझ, नसेल तर क्रिमझन रोझ.

नोंदीचा तक्ताही बदलला. ठरलेल्या वाटेने, सकाळी साडेआठ ते साडेअकराच्या दरम्यान, पाऊस नसताना, दोन्ही बाजूंना अडीच-अडीच मीटरच्या पट्ट्यातलं तेवढंच मोजायचं. अर्नेस्ट पोलार्ड यांनी 1970 च्या दशकात बसवलेली ही पद्धत सोसायटीच्या आवाराला चांगली जुळते. जातीच्या नावापुढे दोन रकाने वाढवले. एक, कोणत्या झाडावर आणि काय करत होती: मध, अंडी, ऊन खाणं, चिखल चोखणं. दुसरा, धडाचा रंग. फोटो दोन, एक वरून आणि एक बाजूने. बाजूचा मिळवायचा तर आपली सावली तिच्यावर पडणार नाही अशा बाजूने, खाली वाकून, सावकाश जवळ जायचं.

सुधारलेल्या यादीत 39 जाती आहेत, डनेड एगफ्लायची भर पडून. कॉमन रोझसमोर एक खूण उरली आहे, क्रिमझन रोझसमोर चार, आणि कॉमन मॉर्मनच्या माद्यांचा रकाना भरला आहे. तीन फोटो कोणत्याच नावाखाली घातलेले नाहीत. त्यांतल्या एकात पोट नेमकं रुक्मिणीच्या पाकळीमागे गेलं आहे, त्यासमोर "धड दिसत नाही" एवढंच लिहिलं आहे.